थिओडोर वेल्ड आणि लेन सेमिनरीचे बंडखोर विद्यार्थी

अमेरिकेतील विद्यार्थ्यांची चळवळ म्हटली की आपल्या डोळ्यांपुढे १९६० नंतरची वर्षे येतात. १ फेब्रुवारी १९६० रोजी ग्रीन्सबरो येथे चार कृष्णवर्णीय विद्यार्थी केवळ गोऱ्यांसाठी राखलेल्या उपाहारगृहाच्या बैठकीवर जाऊन बसले. १९६४ मध्ये बर्कले येथील विद्यापीठाच्या आवारात राजकीय मतप्रचारास बंदी झाली, तेव्हा हजारो विद्यार्थी त्याविरुद्ध उभे राहिले. पुढे व्हिएतनामच्या युद्धाने तर तेथील कितीतरी कॉलेजे ढवळून निघाली. आमच्या वाचकांतील वडीलधाऱ्यांस त्या बातम्या आठवत असतील.

परंतु बर्कलेच्या १३० वर्षे आधी अगदी तशाच प्रश्नावरून एक शाळा ओस पडली होती, आणि ती शाळा पाळक तयार करणारी होती, हे थोड्यांस ठाऊक असते. कॉलेजातील दंगे त्याही पूर्वी होत असत. हार्वर्डच्या विद्यार्थ्यांनी १७६६ मध्ये खवट लोण्यावरून बंड केल्याची नोंद आहे. ते स्वतःच्या ताटासाठी होते. १८३४ मध्ये सिनसिनाटी येथील लेन सेमिनरीत जे घडले ते दुसऱ्याच्या बेड्यांसाठी होते. त्या प्रसंगाच्या मध्यभागी जो विद्यार्थी होता, त्याचे चरित्र आम्ही या अंकी देत आहोत.

थिओडोर ड्वाइट वेल्ड यांचा जन्म २३ नोव्हेंबर १८०३ रोजी कनेक्टिकट राज्यातील हॅम्प्टन गावी झाला. वडील लुडोव्हायकस वेल्ड तेथील काँग्रिगेशनल मंडळीचे पाळक होते. बालपणीची एक आठवण वेल्ड उतारवयात सांगत असत. त्यांच्या शाळेत एक कृष्णवर्णीय मुलगा आला. शिक्षिकेने त्याला बाकीच्या मुलांपासून वेगळे बसविले आणि त्याच्याशी ती कडक बोले. लहानग्या थिओडोरने आपणही त्याच्याजवळ बसणार म्हणून हट्ट धरला. शब्बाथशाळेच्या शिक्षकांनी ही गोष्ट अवश्य सांगावी. मात्र मूल चांगले होते एवढ्यावर थांबू नये, कारण पुढे हा मुलगा चांगलाच गर्विष्ठ तरुण झाला.

सोळा-सतरा वर्षांचा असताना तो अँडोव्हर येथील फिलिप्स अकॅडमीत दाखल झाला. अँडोव्हर हे नाव आमच्या वाचकांस परके नसावे. १८१३ मध्ये मुंबईस येऊन अमेरिकन मराठी मिशनचा पाया घालणारे गॉर्डन हॉल त्याच गावच्या सेमिनरीत शिकलेले. वेल्डला मात्र तेथे फार दिवस राहता आले नाही. अतिवाचनाने डोळे बिघडले आणि अभ्यास सोडावा लागला. मग स्मरणशक्ती वाढविण्याच्या कलेवर व्याख्याने देत तो गावोगाव हिंडला. या भटकंतीत त्याला दोन गोष्टी लाभल्या: अनोळखी लोकांपुढे तासन् तास बोलण्याची सवय, आणि दक्षिणेकडील गुलामगिरीचे प्रत्यक्ष दर्शन.

१८२५ च्या सुमारास वेल्ड कुटुंब न्यूयॉर्क राज्यात राहावयास आले. त्या भागात तेव्हा रेव्ह. चार्ल्स फिनी यांच्या संजीवन सभांची मोठी लाट उठली होती. हॅमिल्टन कॉलेजच्या विद्यार्थ्यांत वेल्डचे वजन मोठे, आणि फिनी म्हणजे भोळ्या माणसांना घाबरविणारा मनुष्य असे त्याचे ठाम मत. तो उघडपणे त्यांची थट्टा करी. युटिका येथे त्याची एक मावशी राहत असे. एके रविवारी सकाळी फिनी बोलणार नाहीत असे सांगून तिने त्याला उपासनेस नेले आणि बाकाच्या आतल्या बाजूस बसविले. उपदेशास उभे राहिले ते फिनीच! वेल्ड उठून जाण्यासाठी टोपीकडे हात नेई, तो मावशी पुढे वाकून प्रार्थना करू लागे. तिला ओलांडून जाणार कसे? उपदेशकाच्या पुस्तकातील, एका पाप्यामुळे कितीतरी चांगले वाया जाते या अर्थाच्या वचनावर त्या दिवशी प्रवचन झाले, आणि कॉलेजातील वजनाचा दुरुपयोग करणाऱ्या तरुणाचे चित्र फिनींनी असे काही रंगविले की ते कोणाचे हे सर्वांस कळले.

दुसऱ्या दिवशी एका दुकानात दोघांची गाठ पडली. वेल्डने भरल्या दुकानात फिनींस वाटेल तसे सुनावले. बाहेर गर्दी जमली. फिनींनी फक्त एवढेच विचारले की एका सेवकाच्या मुलाने असे वागावे काय. त्या प्रश्नाने तो वरमला. क्षमा मागावयास तो त्यांच्या बिऱ्हाडी गेला, ती रात्र तळमळत काढली, आणि पुढे सभेत उभे राहून सर्वांसमक्ष आपला अपराध कबूल केला. ज्याच्या मागे कॉलेज हसत होते तोच आता फिनींचा सहकारी होऊन गावोगाव फिरू लागला.

याच काळात त्यांना चार्ल्स स्टुअर्ट नावाचे वडीलधारे मित्र लाभले. हे गृहस्थ ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेतील माजी अधिकारी. हिंदुस्थानातील नोकरी सोडून ते कॅनडामार्गे युटिकेस आले होते आणि तेथील शाळेचे प्रमुख झाले होते. वेल्डहून वीस वर्षांनी मोठे, अविवाहित, विक्षिप्त पण निर्मळ. वेल्डच्या शिक्षणाचा भार त्यांनी उचलला. पुढे इंग्लंडास जाऊन ते गुलामगिरीविरुद्धच्या कार्यास लागले आणि तेथून या तरुण मित्राला पत्रांवर पत्रे व पत्रके पाठवीत राहिले. वेल्ड यांनी आपल्या पहिल्या मुलाचे नाव चार्ल्स स्टुअर्ट ठेवले, यावरून तो ऋणानुबंध कळावा.

वेल्ड यांचे पुढील शिक्षण व्हाइट्सबरो येथील ओनायडा इन्स्टिट्यूटमध्ये झाले. तेथे विद्यार्थी दिवसाचे काही तास शेतात राबून फी फेडीत. ही पद्धत इतरत्र पसरविण्यासाठी न्यूयॉर्कचे श्रीमंत व्यापारी बंधू आर्थर व लुईस टॅपन यांनी वेल्ड यांस प्रचारक नेमले. एका वर्षात त्यांनी ४,५०० मैलांहून अधिक प्रवास केला आणि २०० हून अधिक व्याख्याने दिली. १८३२ च्या फेब्रुवारीत ओहायो राज्यात एका ओढ्याच्या पुरात त्यांची घोडागाडी वाहून गेली व ते मरता मरता वाचले. त्याच वर्षी अलाबामा राज्यात गुलामांच्या मालकांशी त्यांच्या लांबलचक चर्चा झाल्या, आणि हडसन येथील कॉलेजात काही प्राध्यापकांशी बोलताना त्यांचे मत पक्के झाले की गुलामगिरी हळूहळू नव्हे, तत्काळ बंद झाली पाहिजे, कारण ती पाप आहे आणि पाप सोडण्यास मुदत मागता येत नाही.

आता सिनसिनाटीकडे वळू. हे शहर ओहायो नदीच्या काठी आहे. अलीकडे गुलामगिरी नसलेले ओहायो राज्य, पलीकडे गुलामांचे केंटकी. शहराचा व्यापार मुख्यतः दक्षिणेशी. शहरालगतच्या वॉलनट हिल्स नावाच्या टेकडीवर प्रेस्बिटेरियन मंडळींची लेन थिऑलॉजिकल सेमिनरी होती. तिला आर्थर टॅपन यांचा मोठा आश्रय. प्राचार्य रेव्ह. लायमन बीचर हे त्या काळचे देशातील अत्यंत नामांकित उपदेशक. पश्चिमेकडील नव्या प्रदेशास सेवक मिळावेत म्हणून बोस्टनची मंडळी सोडून ते १८३२ मध्ये येथे आले होते. वेल्ड १८३३ मध्ये दाखल झाले आणि त्यांच्यामागून ओनायडाचे अनेक सोबती आले. हे विद्यार्थी कोवळी मुले नव्हती. त्यांतील पुष्कळांनी पंचविशी ओलांडलेली, आणि वेल्ड तर तिशीला आलेले. त्या उन्हाळ्यात सेमिनरीत पटकी शिरली. वेल्ड रात्रंदिवस आजारी सोबत्यांची शुश्रूषा करीत होते. पुढे विद्यार्थी त्यांच्यामागे का गेले याचे कारण त्यांच्या वक्तृत्वाइतकेच या दिवसांतही शोधावे, असे आम्हांस वाटते.

त्या वेळी बहुतेक सभ्य ख्रिस्ती लोक वसाहत संस्थेचे पाठीराखे होते. स्वतंत्र झालेल्या कृष्णवर्णीयांना आफ्रिकेत लायबेरियास पाठवावे, म्हणजे देशातील प्रश्न आपोआप मिटेल, असा तिचा विचार. बीचर यांनाही तो पसंत होता. वेल्ड यांनी प्रथम जाहीर सभा घेतली नाही. अनेक आठवडे ते एकेका विद्यार्थ्याशी त्याच्या खोलीत बसून बोलले. त्यांपैकी पहिला विल्यम अ‍ॅलन, अलाबामातला, गुलाम बाळगणाऱ्या घरातला. मग विद्यार्थ्यांनी जाहीर चर्चा ठरविली. अध्यापकांनी ती तूर्त पुढे ढकलण्याचा सल्ला दिला.

(आम्हीही मंडळीच्या कमिटीत बसलो आहोत. तरुणांचा प्रश्न अडचणीचा वाटला की तो पुढील सभेवर ठेवण्याची युक्ती आम्हांस चांगली ठाऊक आहे. एकदा तर असा प्रश्न तीन सभा पुढे गेला आणि चौथ्या सभेस विचारणारेच आले नाहीत. त्या ठरावाला अनुमोदन आमचेच होते.)

लेनच्या विद्यार्थ्यांनी सल्ला मानला नाही. फेब्रुवारी १८३४ मध्ये चर्चा सुरू झाली ती अठरा रात्री चालली. दररोज सुमारे अडीच तास. पहिल्या नऊ रात्री प्रश्न होता की गुलामांची मुक्तता ताबडतोब करावी काय. पुढील नऊ रात्री प्रश्न होता की वसाहत संस्था ख्रिस्ती लोकांच्या पाठिंब्यास पात्र आहे काय. येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी. बोलणाऱ्यांपैकी पुष्कळजण दक्षिणेत वाढलेले होते. स्वतःच्या अंगणात काय पाहिले हे त्यांनी सांगितले. ती साक्ष खोडून काढणे उत्तरेकडील कोणास शक्य नव्हते.

या सर्वांत आगळी साक्ष जेम्स ब्रॅडली यांची. ते सेमिनरीतील एकमेव कृष्णवर्णीय विद्यार्थी, आणि स्वतः गुलामगिरीतून सुटलेले. दोन-तीन वर्षांचे असताना त्यांना आफ्रिकेतून पळवून आणून विकण्यात आले. मोठे झाल्यावर मालकाचे दिवसाचे काम उरकून रात्री ते मक्याच्या सालपटांची वेणी घालून घोड्यांच्या गळ्यातील जुंपणीचे पट्टे विणीत. एका पट्ट्यास आठ तास लागत. झोपेतून वेळ काढून आठवड्यास दोन होत आणि एकास अर्धा डॉलर मिळे. अशी पै पै साठवून व इतर कामे करून त्यांनी सुमारे ७०० डॉलर भरले आणि स्वतःला विकत घेतले. गुलामांना स्वातंत्र्य दिले तर ते स्वतःची काळजी घेऊ शकणार नाहीत, असा आक्षेप त्या काळी नेहमी घेतला जाई. ब्रॅडली यांनी तो हसत हसत उचलला. गुलाम आजवर स्वतःची, मालकाची आणि मालकाच्या बायकामुलांची काळजी घेतच आले आहेत, हे त्यांनी श्रोत्यांच्या ध्यानी आणून दिले. सभागृह हसले आणि लगेच गंभीर झाले.

मत घेतले तेव्हा तत्काळ मुक्ततेच्या बाजूने जवळजवळ सर्व हात वर गेले. विद्यार्थ्यांची गुलामगिरीविरोधी संस्था स्थापन झाली. गोष्ट येथवरच थांबली असती तर बहुधा कोणी फार रागावले नसते. चर्चा काय, सेमिनरीत होतच असतात! परंतु हे विद्यार्थी टेकडी उतरून शहरात गेले.

सिनसिनाटीत तेव्हा अडीच-तीन हजार कृष्णवर्णीय राहत होते. १८२९ मध्ये गोऱ्यांच्या जमावाने त्यांच्या वस्तीवर हल्ले करून अनेकांना परागंदा केले होते. सरकारी शाळा त्यांच्या मुलांना बंद होत्या. वेल्ड घरोघर फिरले तेव्हा त्यांना दिसले की प्रौढांपैकी बहुतेकांनी स्वतः कष्ट करून आपली सुटका विकत घेतली आहे, आणि कित्येकजण अजून नदीपलीकडे असलेल्या नवऱ्याच्या, बायकोच्या, लेकराच्या किमतीचे हप्ते फेडीत आहेत. ऑगस्टस वॉटल्स या विद्यार्थ्याने अभ्यास बाजूस ठेवून त्यांच्यासाठी शाळा काढली. रात्रशाळा, शब्बाथशाळा, वाचनालय, व्याख्याने अशी कामे उभी राहिली. मुलींना शिकविण्यासाठी न्यूयॉर्कहून काही तरुण शिक्षिका आल्या. शहरात असताना वेल्ड त्या लोकांच्याच घरी जेवीत, त्यांच्याच घरी झोपत, त्यांच्याच लग्नांस आणि प्रेतयात्रांस जात.

खरा क्षोभ यावर झाला. विद्यार्थी काय मानतात यापेक्षा ते कोणाच्या पंगतीस बसतात आणि रस्त्यात कोणाबरोबर चालतात, हे शहराला सलले. आपल्या वाचकांस हे वेगळे समजावून सांगण्याची गरज नाही.

त्या उन्हाळ्यात न्यूयॉर्क येथे जमावाने लुईस टॅपन यांचे घर फोडले, त्यामुळे सिनसिनाटीचे विश्वस्त अधिकच घाबरले. त्यांत अनेक व्यापारी होते. बीचर त्या वेळी निधी जमविण्यासाठी पूर्वेकडे गेले होते आणि बरेच अध्यापकही सुटीवर होते. ऑगस्टमध्ये कार्यकारी समितीने कडक नियम सुचविले आणि ऑक्टोबरमध्ये विश्वस्त मंडळाने ते पक्के केले. विद्यार्थ्यांची गुलामगिरीविरोधी संस्था बंद करावी (समतोल दिसावा म्हणून वसाहत संस्थेची शाखाही बंद करावी). परवानगीवाचून सभा भरवू नये, भाषण करू नये. जेवणाच्या टेबलावर जमलेल्या विद्यार्थ्यांपुढेही काही निवेदन करू नये. आणि मंडळास योग्य वाटेल तेव्हा कोणाही विद्यार्थ्यास काढून टाकता यावे. विद्यार्थ्यांची बाजू घेणारे प्रा. जॉन मॉर्गन यांस कामावरून दूर करण्यात आले. विश्वस्तांपैकी रेव्ह. एसा मेहॅन यांनी विरोध केला, पण त्यांचे चालले नाही.

बीचर परत आले. आम्ही त्यांना खलपुरुष ठरवू इच्छीत नाही. गुलामगिरी त्यांनाही वाईट वाटत होती. वेल्डवर त्यांचा लोभ होता आणि थोडे धीराने घेतले तर सगळे सांभाळता येईल असे त्यांना मनापासून वाटे. मोठी संस्था, देणगीदार, पश्चिमेचा सारा प्रदेश त्यांच्या डोळ्यांपुढे होता. विद्यार्थ्यांना नियमांचा अर्थ सौम्य करून सांगण्याचा त्यांनी प्रयत्न केला, पण नियम मागे घेतले नाहीत. त्यांची मुलगी हॅरिएट तेव्हा तेविशीची होती आणि त्याच शहरात त्यांच्या घरी राहत होती. हे सारे ती पाहत होती.

सुमारे शंभर विद्यार्थ्यांपैकी बहुसंख्य निघून गेले. दगडफेक नाही, मोडतोड नाही. त्यांनी आपली कारणे लिहून काढली, त्याखाली ५१ जणांनी सह्या केल्या आणि डिसेंबर १८३४ मध्ये ते निवेदन प्रसिद्ध केले. धर्मशास्त्राच्या शाळेत सत्याचा शोध करण्यास परवानगी लागत असेल तर तेथे शिकून काय करावयाचे, असा त्याचा आशय होता. त्यांतील काहीजण शहराजवळच्या कमिन्सव्हिल या वस्तीत एकत्र राहिले. तेथे ते एकमेकांस शिकवीत आणि कृष्णवर्णीयांच्या शाळा चालवीत राहिले. लेनच्या खोल्या रिकाम्या झाल्या.

ओहायोच्या उत्तर भागात जंगल तोडून १८३३ मध्ये ओबर्लिन नावाची नवी वसाहत व शाळा सुरू झाली होती. तिचे संस्थापक रेव्ह. शिफर्ड पैशाच्या व विद्यार्थ्यांच्या शोधात सिनसिनाटीस आले, आणि त्यांना दोन्ही एकदम मिळाले. परंतु बंडखोरांनी अटी घातल्या. मेहॅन प्राचार्य व्हावेत, मॉर्गन यांस प्राध्यापक नेमावे, विद्यार्थ्यांना बोलण्याचे स्वातंत्र्य असावे, आणि वर्ण न पाहता प्रवेश द्यावा. शेवटच्या अटीवर ओबर्लिनमध्येच वादळ उठले. फेब्रुवारी १८३५ मध्ये मते समसमान पडली आणि अध्यक्ष जॉन कीप यांनी आपले निर्णायक मत प्रवेशाच्या बाजूने दिले. मग टॅपन यांचा पैसा तिकडे वळला. धर्मशास्त्राच्या प्राध्यापकाची जागा वेल्ड यांस देऊ केली होती. ती त्यांनी नाकारून फिनी यांचे नाव सुचविले, आणि फिनी आले. आलेल्या विद्यार्थ्यांसाठी सालीसकट फळ्या ठोकून एक लांबट इमारत घाईघाईने उभारली गेली. त्याच कॉलेजात १८३७ मध्ये चार मुली पुरुषांच्या बरोबरीने पदवीच्या वर्गात बसल्या आणि १८४१ मध्ये त्यांतील तिघी पदवीधर झाल्या.

वेल्ड स्वतः गुलामगिरीविरोधी संस्थेचे प्रचारक होऊन ओहायोच्या खेड्यापाड्यांत हिंडू लागले. त्यांची रीत ठरलेली असे. गावात पहिल्या रात्री अंडी, दगड, थाळ्यांचा गोंगाट. ते हाताची घडी घालून थांबत आणि शांतता झाली की बोलू लागत. सर्कलव्हिल येथे खिडकीतून आलेला दगड डोक्यास लागला. क्षणभर घेरी आली, पण त्यांनी व्याख्यान पुरे केले. एका गावी सहा, दहा, कधी वीस रात्री ते बोलत, आणि अखेरीस पटलेल्यांना उभे राहावयास सांगत. कित्येक ठिकाणी जवळपास सारे सभागृह उभे राहिले. मात्र १८३६ मध्ये न्यूयॉर्क राज्यातील ट्रॉय येथे जमावाने त्यांना एक व्याख्यानही पुरे करू दिले नाही. दगडांनी अंग ठेचले आणि अखेर नगराध्यक्षांनी त्यांना गावाबाहेर काढले. त्याच वर्षी त्यांचा आवाज बसला तो पूर्वीसारखा कधी उघडलाच नाही. तेहेतिसाव्या वर्षी वक्त्याचा घसा गेला.

त्या वर्षअखेरीस न्यूयॉर्क येथे नव्या प्रचारकांना शिकविताना त्यांची अँजेलिना व सारा ग्रिमके या बहिणींशी ओळख झाली. दक्षिण कॅरोलिनातील चार्ल्सटनच्या, गुलाम बाळगणाऱ्या बड्या घराण्यातील या बहिणी ते सारे सोडून आल्या होत्या आणि सभांतून बोलत होत्या. स्त्रियांनी पुरुषांपुढे बोलावे काय, यावरून पाळकवर्गात मोठा गहजब झाला. बहिणींनी स्त्रियांच्या हक्काचाही प्रश्न हाती घेतला, तेव्हा वेल्ड यांनी काय करावे? आधी गुलामांचा प्रश्न सुटू द्या, तुमचा नंतर पाहू, असे त्यांना लिहिले! लेनच्या विश्वस्तांनी यांना जे सांगितले तेच यांनी बहिणींना सांगितले. बहिणींनी ते ऐकले नाही, हे बरे झाले. या वादाच्या पत्रांतूनच वेल्ड यांनी अँजेलिनांना आपले मन कळविले आणि १४ मे १८३८ रोजी फिलाडेल्फियात त्यांचा विवाह झाला. पत्नीच्या मालमत्तेवर कायद्याने पतीस मिळणारा हक्क त्यांनी त्या वेळी सर्वांसमक्ष सोडला. एका कृष्णवर्णीय व एका गोऱ्या सेवकाने प्रार्थना केली. गुलामांच्या श्रमाची साखर नको म्हणून केकसाठी वेगळी साखर मिळविली होती. दोनच दिवसांनी नवी नवरी पेनसिल्व्हेनिया हॉलमध्ये बोलत असताना बाहेरून दगडांचा वर्षाव झाला, आणि दुसऱ्या रात्री जमावाने ते नवे कोरे सभागृह जाळून टाकले.

आवाज गेलेल्या वेल्ड यांनी आता कात्री हाती घेतली. दक्षिणेकडील वृत्तपत्रांचे ढीगच्या ढीग आणून दोघी बहिणी दिवसाचे सहा-सहा तास त्यांतील मजकूर कापीत. पळालेल्या गुलामांच्या जाहिरातींत मालक स्वतःच ओळखीच्या खुणा देत: अमुक ठिकाणी डाग दिलेला, पाठीवर वळ, पायात बेडीचा व्रण. वेल्ड यांनी मालकांचीच ही साक्ष एकत्र करून १८३९ मध्ये अमेरिकेतील गुलामगिरी खरोखर कशी आहे हे दाखविणारे पुस्तक काढले आणि त्यावर स्वतःचे नाव घातले नाही. ते पहिल्याच वर्षी लाखाच्या घरात खपल्याचे सांगतात. बीचर यांची ती मुलगी, म्हणजे हॅरिएट बीचर स्टो, यांनी १८५२ मध्ये 'अंकल टॉम्स केबिन' प्रसिद्ध केली तेव्हा या पुस्तकाचा मोठा आधार घेतला.

पुढे १८६१ ते १८६५ चे यादवी युद्ध आणि गुलामगिरीचा शेवट हा इतिहास वाचकांस परिचित आहे. १८७३ मध्ये पुण्यास जोतीराव फुले यांनी 'गुलामगिरी' हे पुस्तक लिहिले आणि ते निग्रो गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतील सदाचारी लोकांस अर्पण केले. ती अर्पणपत्रिका ज्यांना शोभावी त्यांपैकी एक वृद्ध शिक्षक त्या वर्षी मॅसॅच्युसेट्समधील हाइड पार्क येथे सत्तरीच्या उंबरठ्यावर उभा होता.

कारण दरम्यान वेल्ड शिक्षकच झाले होते. १८४१ ते १८४३ या काळात ते वॉशिंग्टन येथे जाऊन गुलामगिरीविरोधी लोकप्रतिनिधींना मदत करीत होते. गुलामगिरीविषयीचे अर्ज काँग्रेसच्या सभागृहात विचारात घ्यावयाचेच नाहीत असा तेव्हा नियम होता. माजी राष्ट्राध्यक्ष जॉन क्विन्सी अ‍ॅडम्स त्याविरुद्ध झगडत होते आणि त्यांना लागणारा पुरावा वेल्ड गोळा करून देत. १८४४ मध्ये तो नियम रद्द झाला. त्यानंतर त्यांनी न्यू जर्सीत शेती केली व शाळा चालविली. तेथे गोरी व कृष्णवर्णीय, मुलगे व मुली एकत्र शिकत.

एक गोष्ट लिहिताना आमचा हात अडखळतो, पण ती झाकणे योग्य नाही. उत्तरायुष्यात वेल्ड मंडळीच्या उपासनेपासून दूर गेले. फिनींच्या सभेत रडलेला, पाळकाचा मुलगा, धर्मशास्त्राचा विद्यार्थी, चर्चच्या बाहेर राहिला. त्यांच्या श्रद्धेत काय बदल झाला याची छाननी आम्ही करीत नाही. पण किती चर्चची दारे त्यांच्या तोंडावर बंद झाली होती हे मोजता येते. १८३६ मध्ये प्रेस्बिटेरियन जनरल असेंब्लीने गुलामगिरीचा प्रश्न बेमुदत पुढे ढकलला होता.

१८६८ मध्ये अँजेलिना यांनी एका वृत्तपत्रात ग्रिमके आडनावाच्या एका कृष्णवर्णीय विद्यार्थ्याविषयी वाचले. चौकशीअंती कळले की त्यांच्या दिवंगत भावास एका गुलाम स्त्रीपासून झालेली मुले पेनसिल्व्हेनियातील लिंकन विद्यापीठात शिकत आहेत. आडनाव झाकून घेता आले असते. अँजेलिना त्यांना भेटावयास गेल्या आणि त्यांना भाचे म्हणून घरी बोलाविले, शिक्षणास मदत केली. वेल्ड यांच्या घरी ते घरचेच झाले. थोरला आर्चिबाल्ड हार्वर्ड येथून वकील झाला. धाकटा फ्रान्सिस प्रिन्स्टनच्या सेमिनरीत शिकून वॉशिंग्टन येथील फिफ्टीन्थ स्ट्रीट प्रेस्बिटेरियन चर्चचा पाळक झाला आणि अनेक वर्षे तेथे सेवा करीत राहिला.

सारा १८७३ मध्ये व अँजेलिना १८७९ मध्ये वारल्या. वेल्ड त्यानंतरही पंधरा वर्षे जगले. ३ फेब्रुवारी १८९५ रोजी हाइड पार्क येथे, वयाच्या ९१ व्या वर्षी, त्यांचे निधन झाले. लेन सेमिनरी कशीबशी सावरून पुढे चालू राहिली आणि १९३२ मध्ये शिकागोच्या सेमिनरीत विलीन झाली. वॉलनट हिल्सवर बीचर यांचे घर मात्र अजून उभे आहे.